चढा की उतरलेला

नायडॉर्फ, ४ मार्च १९६३

प्रिय आल्मा,

तुझं पत्र मिळालं. पाकिटावरचं अक्षर ग्रेटाने आधी ओळखलं. मी द्राक्षांची गाडी रिकामी करत होतो. तिने पाकीट टाकीला टेकवून ठेवलं आणि म्हणाली, "तुझ्या बहिणीचं आहे. हात धुऊन उघड." नऊ वर्षांनी आलेलं पत्र, आणि त्यात तू विचारलंस ते एवढंच की पियानोबरोबर आलेल्या नादकाट्याचं करायचं काय. तेच बरं. अशाच प्रश्नांची उत्तरं मला देता येतात.

पियानो ओरखडा न पडता तिकडे वाळवंटात, तुमच्या मरी गावी पोचला हे वाचून बरं वाटलं. आईची शेवटची इच्छा होती, तेव्हा तो तुझाच. मी तो सुरात लावूनच पाठवणार होतो, पण द्राक्षांचा हंगाम तोंडावर होता. बाबा गेल्यापासून आईने त्याला कुणाला हात लावू दिला नाही. मलासुद्धा नाही, आणि खोऱ्यातल्या साऱ्या चर्चचे, शाळांचे पियानो मीच लावतो. असो.

आता काट्याचं. काटा गुडघ्यावर आपट, लाकडावर नको, आणि त्याचा दांडा पियानोच्या अंगाला टेकव. तो सेकंदाला चारशे चाळीस कंपनं करतो, कमी नाही, जास्त नाही. मग मधल्या 'ए'ची पट्टी दाब. त्या सुराला तीन तारा आहेत. डावी आणि उजवी लोकरीच्या पट्टीने दाबून मुकी कर आणि मधलीच वाजू दे. काटा आणि तार जुळत नसतील तर दोघांचा मिळून आवाज सरळ येत नाही, फुगतो आणि बसतो, परत फुगतो आणि बसतो. हे हेलकावे म्हणजे दोघांमधलं अंतर. सेकंदाला एक हेलकावा तर एका कंपनाचं अंतर, तीन तर तिनाचं.

तू लिहितेस की हे हेलकावे तुझ्या नवऱ्याच्या, सादिकच्या, रेल्वेच्या घड्याळाबरोबर चालतात, दर टिकटिकीला एक. हे तुला कसं सुचलं कोण जाणे, पण उपयोगी आहे. तसली घड्याळं सेकंदाला पाचदा टिकटिकतात. म्हणजे तुझी तार काट्यापासून पाच कंपनं दूर आहे. चारशे चाळिसातून पाच गेले, चारशे पस्तीस. तार उतरली आहे. इतकी वर्षं कुणी लावला नाही आणि वर तुमच्याकडची कोरडी हवा, दुसरं काय होणार?

सोबत खुंटी पिळायची किल्ली पाठवतो. मधल्या तारेची खुंटी उजवीकडे पीळ, केसाएवढी. तार चढेल तसे हेलकावे मंद होतील आणि शेवटी थांबतील. थांबले की तार आणि काटा एक झाले.

तुझ्या लेकीला, मिरियमला, गावच्या हॉलमधल्या पियानोला हात लावू देत नाहीत आणि रुळांच्या तुमच्या बाजूला हा एकच पियानो आहे, हे वाचलं. मग तो नीट लागलाच पाहिजे. मी सांगतो तसं करत गेलीस तर लागेल.

तुझा भाऊ,
एर्विन

नायडॉर्फ, २५ मार्च १९६३

प्रिय आल्मा,

तू लिहितेस की खुंटी उजवीकडे पिळली तेव्हा हेलकावे मंद न होता जलद झाले. असं होणार नाही. एकतर तू शेजारची खुंटी पिळलीस, नाहीतर पिळताना किल्ली मागे आली. नवख्या हाताने दोन्ही होतं. माझ्या हाताने पहिल्या वर्षी दोन्ही झालं होतं.

तिसरी शक्यता लिहू की नको असा विचार केला, पण आपल्या घरात ती कधी लपवलेली नाही. कान. रागावू नकोस. आठ वर्षांची असताना रविवारी चर्चमधून आल्यावर जेवणाच्या टेबलावर तू म्हणालीस, "चर्चचा ऑर्गन गोड आहे, आपला पियानो आंबट आहे." हसता हसता बाबांच्या हातातला चमचा सूपमध्ये पडला. त्यानंतर घरात कुणी बेसूर गायलं की 'आल्मासारखं आंबट' असं म्हणायची पद्धतच पडली. तुझी शिकवणी बंद झाली आणि माझी सुरू झाली, त्यात माझा काही दोष नव्हता. सांगायचं एवढंच की प्रत्येकाला प्रत्येक गोष्ट दिलेली नसते. तुला हिंमत दिली होती, जी मला दिलेली नाही.

तर कानावर विसंबू नकोस, मी लिहितो त्यावर विसंब. तीच खुंटी, त्याच दिशेने. मध्येच हेलकावे जलद झाल्यासारखे वाटले तरी थांबू नकोस. ते थांबेपर्यंत पीळ.

ग्रेटा शेपू घातलेल्या काकड्यांची बरणी पाठवते आहे. सादिक खातो का ते तिने विचारलं आहे.

एर्विन

नायडॉर्फ, १६ एप्रिल १९६३

प्रिय आल्मा,

शाब्बास. हेलकावे थांबले म्हणजे झालं. रविवारी चर्चच्या कॉयरच्या तालमीला मी सगळ्यांना सांगितलं की आमच्या आल्माने वाळवंटात बसून नुसत्या पत्रांवर पियानोचा 'ए' लावला. नाव ऐकून दोघीचौघी इकडेतिकडे बघायला लागल्या, पण मी सांगितलंच.

तरीही कानाला ते आंबट लागतंय, असं तू लिहितेस. आंबट-गोड आता सोडून दे, आल्मा. हेलकावा आहे की नाही एवढंच बघायचं. तो नाही, तर सूर बरोबर आहे. हे गणित आहे, चव नाही.

आता त्या 'ए'वरून बाकीचे सूर. दुसऱ्या पानावर क्रम लिहिला आहे. प्रत्येक सुराची फक्त मधली तार लाव, बाजूच्या दोन मुक्याच राहू देत, त्यांचं नंतर बघू. सगळा पियानो थोडा वर येईल, तो यायलाच हवा. खुंट्या जड जातील तेव्हा सादिकची मदत घे.

इथे शनिवारी पाउलाच्या थोरल्याचं लग्न झालं. रात्री रिवाजाप्रमाणे घराबाहेर डबे वाजवायला आम्ही तीस-चाळीस जण होतो, रॉकेलचे डबे, पराती, नांगराचे फाळ. नवरा-नवरी दार उघडून सगळ्यांना आत घेईपर्यंत वाजवत राहिलो. मग वर लोणी-साखरेचा चुरा पसरलेला चुऱ्याचा केक आणि बिअर. मला तेव्हा तुमच्या...

बरं, क्रम नीट पाळ. घाई नको.

एर्विन

नायडॉर्फ, १२ मे १९६३

प्रिय आल्मा,

तुझ्या चार ओळी मिळाल्या. "खुंट्यांची फळी फुटली. मिरियम वाजवत होती. तार सुटून सादिकच्या भुवईला लागली, टाके पडले. तू सांगितलंस तसंच केलं होतं."

सादिकचा डोळा वाचला ना? ते तू लिहिलेलं नाहीस. मिरियमला काही झालं नाही असं मी धरून चालतो. कृपा करून कळव.

फळीचं म्हणशील तर ती साठ वर्षांची बीच झाडाच्या लाकडाची फळी. तिने इथला दमटपणा पाहिलेला, तुमच्याकडे एका उन्हाळ्यात ती सुकून बिस्किटासारखी झाली असणार. मालगाडीतले धक्के वेगळेच. वाळवंटात पियानो नेले की हे होतं, मी आधीही ऐकलं आहे. यात कुणाची चूक धरता येत नाही. तडा कुठे आहे ते लिही, म्हणजे दुरुस्ती होते का ते सांगता येईल.

वाईट वाटलं. आईचा होता.

एर्विन

नायडॉर्फ, २६ मे १९६३

प्रिय आल्मा,

तडा उंच सुरांच्या टोकाला आहे आणि सादिकला दोन्ही डोळ्यांनी दिसतं, हे कळलं. देवाची कृपा.

इथे हिवाळ्याचा पाऊस वेळेवर आला. डुक्कर मारलं, दोन दिवस सॉसेज भरण्यात गेले, धुराच्या खोलीत आता पाय ठेवायला जागा नाही. यंदा ग्रेटाने मिरी जास्त घातली. फळीसाठी सुकं लाकूड कुणाकडे मिळतं का ते विचारतो आहे. ऑटो काकांकडे गेलो होतो. ते बरे आहेत. तुझी आठवण काढत होते.

बाकी ठीक.

एर्विन

नायडॉर्फ, ९ जून १९६३

प्रिय आल्मा,

मागच्या पत्रातलं सगळं खरं होतं. पाऊस, डुक्कर, मिरी, सगळं. ऑटो काकांनी तुझी आठवण काढली हेही खरं. त्यांनी काय आठवण काढली ते मी लिहिलं नाही, आणि ते पत्र टपालात टाकताना मला ते पूर्ण माहीत होतं.

पत्र टाकून आल्यावर ग्रेटा बटाटे सोलत होती. तिने विचारलं, "तिला लिहिलंस?"

"लिहिलं."

"काय लिहिलंस?"

"सॉसेजचं."

तिने मान वर केली नाही. म्हणाली, "मग पुढच्या पत्रात बटाट्यांचं लिही."

तेव्हापासून ती माझ्याशी कामापुरतं बोलते. हे पत्र मी तिच्या धाकाने लिहितो आहे असं तुला वाटलं तर वाटू दे. तसं थोडं आहेच.

ऑटो काका तुला आठवत असतील. बँडमास्तर, कॉर्नेट वाजवायचे, आपल्या टेबलावर हक्काने तिसरा वाडगा सूप मागायचे. आता गुडघे गेलेत, पण शेडमध्ये दिवसभर काहीतरी तासत बसतात. मी त्यांच्याकडे सुकी बीचची फळी मागायला गेलो. कशाला हवी म्हणाले. म्हटलं, आईचा पियानो फुटला, आल्माकडे.

"फुटला? कुणी ताणला?"

मी सांगितलं की उतरलेला होता, पत्रातून सांगून सांगून वर आणवत होतो. त्यांनी रंधा खाली ठेवला.

"उतरलेला कशावरून?"

"सेकंदाला पाच हेलकावे होते. म्हणजे चारशे पस्तीस."

"पाच हेलकावे खालीही असतात आणि वरही असतात, एर्विन. हे तुला बापाने शिकवलं नाही?"

शिकवलं होतं. पहिल्याच दिवशी शिकवलं होतं. हेलकावे अंतर सांगतात, बाजू सांगत नाहीत. तार काट्यापेक्षा पाचने उतरलेली असली तरी पाच, पाचने चढलेली असली तरी पाचच. चारशे पस्तीस किंवा चारशे पंचेचाळीस. दोन्हीतलं कुठलं ते विचारल्याशिवाय किल्ली हातात घ्यायची नाही, आणि मी तुला सरळ चारशे पस्तीस लिहून दिलं. वजाबाकी केली. बेरीज करून बघायचं मनातही आलं नाही. जुना पियानो, कोरडी हवा, म्हणजे उतरलेला. आणि तिकडे कोण आहे, तर आल्मा.

मग काका हसायला लागले, पण गंमत वाटून नाही. म्हणाले, "तुझ्या बापाचा पियानो आणि उतरलेला! अरे, तो बँडला लावलेला होता. आमची पितळेची वाद्यं सगळी जुन्या चढ्या सुराची. तालीम तुमच्या बैठकीत व्हायची, तर तुझ्या बापाने पियानो वर नेऊन आम्हाला मिळवला. चारशे बावन्न. बापाच्या मांडीवर बसून तूच तर ऐकायचास."

मला हे माहीत होतं, आल्मा. विसरलो होतो असंही म्हणता येणार नाही. नव्या सुरावर सगळं आलं, बाबा गेले, आणि मी कधी तिकडे वळून पाहिलं नाही. बावन्नवरून सात-आठ वर्षांत तो पंचेचाळीसवर आला होता. तिथून आपण त्याला खाली आणायला हवं होतं. आपण नाही, मी. मी तुला वर न्यायला लावलं.

तू लिहिलं होतंस की हेलकावे जलद झाले. बरोबरच होतं. तार काट्यापासून लांब चालली होती, तर ते जलदच होणार. तू शेजारची खुंटी पिळली नव्हतीस. किल्ली मागे आली नव्हती. मग मी लिहिलं, थांबेपर्यंत पीळ. हेलकावे दोन ठिकाणी थांबतात. एक, तार आणि काटा जुळले की. दुसरं, अंतर इतकं वाढलं की ते एकेक करून ऐकूच येत नाहीत, नुसता खरखरीत आवाज उरतो. तू त्या दुसऱ्या जागी पोचलीस आणि मला लिहिलंस की थांबले, पण आंबट लागतंय. मी तुला शाब्बास लिहिलं. आंबट सोडून दे म्हटलं. त्या खोट्या 'ए'वरून तू आणि सादिकने साठ वर्षांच्या फळीवर सबंध पियानो ताणला, माझ्या अक्षरातला क्रम समोर ठेवून.

फळीचं वय, हवा, मालगाडी, हे सगळं मी बारा मेच्या पत्रात लिहिलं तेव्हा मला खरं कारण माहीत नव्हतं. पण ते शोधावंसंही वाटलं नाही. वाळवंट लांब होतं आणि उलट बोलणार नव्हतं.

आता ऑटो काकांनी काढलेली तुझी आठवण. ती लिहायला मला दोन आठवडे लागले.

ते म्हणाले, "तुझी धाकटी एकदा जेवताना आंबट म्हणाली होती ना? मी होतो तिथे. चर्चचा ऑर्गन साध्या सुरावर, तुमचा पियानो बँडच्या. आठ वर्षांच्या पोरीने दोन्हीतलं अंतर पकडलं. तुझा बाप हसला. पण दुपारी मला गोठ्यात म्हणाला, ऑटो, पोरीला कळलं."

मी विचारलं, मग तिला तसं सांगितलं का नाही?

"सगळ्या टेबलासमोर हसून झालं होतं. ते परत कसं घ्यायचं? तुमच्या नोस्के घराण्यात ते कुणाला जमलंय?" मग रंधा उचलला आणि म्हणाले, "तुला जमतं का बघ."

मी घरी आलो आणि तुला सॉसेजचं लिहिलं.

तुला कान होता. तेव्हाही होता, मार्चमध्येही होता. हे मला सहज लिहवत नाही, कारण तुला नव्हता यावर माझं अर्धं आयुष्य उभं आहे. शिकवणी मला मिळाली, बाबांची हत्यारं मला मिळाली. आणि तुझ्या चार ओळींतलं शेवटचं वाक्य, 'तू सांगितलंस तसंच केलं होतं.' तू त्यात एक शब्द जास्त घातला नाहीस. घातला असतास तर मला उत्तर देणं सोपं गेलं असतं.

आता माझ्या सांगण्यावर विश्वास ठेवू नकोस. स्वतः बघ. मधल्या 'ए'च्या बाजूच्या दोन तारांना आपण हात लावलेला नाही, त्या अजून बाबांनी लावलेल्याच आहेत. तडा टोकाला असेल तर मधला भाग अजून धरून असावा. डावी तार मोकळी कर, बाकी दोन मुक्या कर. काट्याबरोबर हेलकावे ऐक. मग काट्याच्या एका पात्याला टोकाशी मेण लाव, मसुराएवढं. मेणाच्या वजनाने काटा जरासा उतरतो. तार काट्याच्या खाली असेल तर दोघं जवळ येतील आणि हेलकावे मंद होतील. तार वर असेल तर अंतर वाढेल आणि ते जलद होतील. हे बाबांनी मला पहिल्या दिवशी शिकवलं होतं. हे एवढं मी पहिल्या पत्रात लिहिलं असतं तर काही झालं नसतं. दोन ओळींचं काम. मला ते तुझ्यासाठी गरजेचं वाटलं नाही.

काय ऐकू येतं ते कळव. या वेळी मी आधी काही लिहून ठेवत नाही.

सादिकला काय लिहायचं ते मला सुचत नाही. भेट झालेली नसताना माणसाच्या भुवईवर खूण करून ठेवली आहे.

एर्विन

नायडॉर्फ, ७ जुलै १९६३

प्रिय आल्मा,

तुझं उत्तर नाही. असायलाच हवं असं नाही. पोस्टातली मिस झिल्म मला खिडकीतूनच मान हलवून दाखवते, आत जायची वेळ येत नाही.

एक गोष्ट राहिली होती. पियानो पाठवण्याआधी हंगामाची घाई होती असं मी पहिल्या पत्रात लिहिलं. घाई नव्हती. पियानो तीन आठवडे बैठकीत गोधड्यांत गुंडाळून पडला होता. मी रोज त्याच्या शेजारून जात होतो. आईने तो मला ठेवला नाही याचा राग होता. तुझा आहे ना, मग तूच लाव, असं मनात होतं. काटा मी त्यासाठीच टाकला, तुला तो वापरता येणार नाही हे गृहीत धरून. झाकण उघडून एक 'ए' वाजवला असता तरी कळलं असतं. वाजवला नाही.

गेल्या रविवारी कॉयरच्या तालमीत मी एप्रिलमध्ये सांगितलेलं परत घेतलं. उभा राहून सांगितलं की आल्माकडचा पियानो माझ्या चुकीमुळे फुटला, तिला ऐकू येत होतं आणि मी तिला ऐकू नकोस म्हणालो. आणि जेवणाच्या टेबलावरचं आंबटही सांगितलं, कारण ते तिथल्या अर्ध्या लोकांना तोंडपाठ आहे. म्हटलं, तिला लहानपणापासून कान होता.

मागून बास गाणारा हाइनी म्हणाला, "मग तुला काय होतं?"

मी म्हणालो, "सर्टिफिकेट."

हसले सगळे. मी त्यांच्यासाठी हसू आणायला गेलो, पण आलं नाही. घरी येताना ग्रेटाने माझ्या दंडाला हात घातला. गाडीपर्यंतच.

हे सांगून तुझी फळी जुळत नाही, हे मला कळतं. तुझ्या पाठीमागे इतकी वर्षं 'आल्मासारखं आंबट' म्हटलं, तर तुझ्या पाठीमागेच माझी चूक सांगितली, एवढंच. तुझ्यासमोर सांगायची अजून बाकी आहे.

फळी तयार आहे. ऑटो काकांनी स्वतः तासून दिली. खुंट्यांची भोकं मात्र तुझ्याकडचं माप बघितल्याशिवाय पाडता येणार नाहीत, आणि ते माप मी पत्रातून मागणार नाही. तू बोलावलंस तर येईन. नाही बोलावलंस तर फळी रेल्वेने पाठवतो. पोर्ट ऑगस्टाला चांगला कारागीर आहे, माझ्याहून सावध.

एर्विन

नायडॉर्फ, ४ ऑगस्ट १९६३

प्रिय आल्मा,

मिस झिल्म या वेळी पाकीट खिडकीबाहेर धरून उभी होती.

मी ते तिथेच उघडलं. हात धुतले नव्हते.

"डावी तार मोकळी केली. हेलकावे सादिकच्या घड्याळापेक्षा थोडे मागे होते. मेण लावल्यावर पुढे गेले. मिरियमनेही ऐकले, तिला मी आधी काही सांगितलं नव्हतं. हत्यारं घेऊन ये. कान इथे आहे."

मी ते इतक्यांदा वाचलं की ग्रेटा म्हणाली, चारच वाक्यं आहेत, पाचवं उगवणार नाही.

सहा वाक्यं आहेत. पण ती बोलली हेच खूप होतं, मी दुरुस्ती केली नाही.

गुरुवारच्या गाडीने निघतो. फळी, नव्या तारा, खुंट्या, सरस आणि बाबांची मोठी किल्ली घेतली आहे. काटा माझा आणत नाही. तुझ्याकडच्यालाच मेण आहे, ते पुसू नकोस.

पियानो कुठल्या सुरावर लावायचा ते तू ठरव. साध्यावर आणायचा तर आणू, म्हणजे मिरियमला पुढे कुठेही वाजवता येईल. बाबांच्या सुरावर ठेवायचा तर तोही ठेवता येईल, नवी फळी तेवढं सोसेल. किंवा तुझ्या कानाला जिथे गोड लागेल तिथे. मी खुंटी पिळीन आणि तू थांब म्हणशील तेव्हा थांबेन. मध्ये बोलणार नाही. बोललो तर मिरियमला सांग, मामाला बाहेर खजुरीखाली बसव.

सादिकला सांग की मी येतो आहे. त्याला मला घरात घ्यायचं नसेल तर मी समजू शकतो, पियानो व्हरांड्यात काढला तरी काम होईल. त्याच्या भुवईकडे बघून काय बोलायचं याची तयारी मी करत होतो, पण जे जे सुचतं ते आधीच पत्रात लिहिल्यासारखं वाटतं. तेव्हा तसाच येतो.

स्टेशनवर येण्याची गरज नाही. रुळांच्या तुमच्या बाजूला उतरून विचारत येईन. नऊ वर्षांपूर्वी तुमच्या लग्नाला यायला हवं होतं तेव्हाही रस्ता विचारूनच यावं लागलं असतं.

ग्रेटाने काकड्या दिल्या आहेत, बिनमांसाचा चुऱ्याचा केक दिला आहे, ज्याच्यात मांस कधीच नसतं, पण तिला खात्री करून घ्यायची होती. पिशवीच्या तळाशी तिने रॉकेलचा एक रिकामा डबा आणि एक जाड चमचा ठेवला आहे. मी विचारलं, हे कशाला? ती म्हणाली, "तुला वाजवता येतो का ते बघ. त्याला सूर लागत नाही."

अंधार पडल्यावर आवाज आला तर घाबरू नका. दार उघडायचं की नाही ते तुम्ही ठरवा. मी वाजवत राहीन.

तुझा भाऊ,
एर्विन